निळ्या कोटाचा रफू

सांगितलं तेवढंच काम करून गप्प बसणं नीलांबरीला जमलं असतं, तर हा सगळा प्रकार झालाच नसता. पण तो तिचा स्वभाव नाही. आयसेलिन या अमेरिकन गावात ओक ट्री रोडवर साड्यांचं दुकान आणि मिठाईचं दुकान यांच्या मधे जो अरुंद गाळा आहे, तिथे ती गेली अठरा वर्षं शिवणकाम करते. फॉल-पिको, ब्लाउज सैल करणं, प्रॉमचे गाऊन आखूड करणं. गिऱ्हाईक बाही उसवलेला ब्लाउज घेऊन येतं. ही बाही तर लावतेच, वर सुटत आलेला हूक पक्का करते, पाठीवरची जुनी वाकडी शिलाई उसवून सरळ घालते आणि या जादा कामाबद्दल चकार शब्द काढत नाही. तिचा नवरा परीक्षित आयटीतला माणूस. तो म्हणतो, हिला रिक्वायरमेंट दिली की ही दुसरंच प्रॉडक्ट डिलिव्हर करते.

हे वळण वडलांचं. ते येवल्याचे. गावात पैठण्या विणणारे घरोघरी, पण जुन्या पैठणीला रफू करावा तर यांनीच. कापडाच्या आतल्या दुमडीतून त्याचाच धागा काढायचा आणि भोकाच्या कडेपासून एक उभा, एक आडवा असा विणत न्यायचा. काम झाल्यावर ते साडी दारात नेऊन उजेडात धरत आणि पोरीला म्हणत, शोध बघू. तिला भोक कधीच सापडलं नाही. आपल्या हातून गेलेल्या कापडात एकही भोक राहता कामा नये, हे तिच्या अंगात तिथूनच भिनलं.

मे महिन्यातल्या एका सोमवारी मिसेस झिल्बर दुकानात आल्या. वय एकोणनव्वद, अंगाने चिमुकल्या, पाठ मात्र ताठ. म्हाताऱ्या लोकांना ने-आण करणारी व्हॅन बाहेर उभी होती आणि ड्रायव्हर घाईत होता. त्यांनी पातळ कागदात गुंडाळलेला एक लहान मुलीचा कोट काउंटरवर ठेवला. गडद निळा, जाड लोकरीचा, सहा-सात वर्षांच्या पोरीच्या मापाचा.

"बाही," त्या म्हणाल्या. त्यांच्या इंग्रजीला फ्रेंच वळण होतं. "खांद्याशी उसवली आहे. शुक्रवारी सकाळी मला कोट लागेल. गुरुवारी न्यायला येते." एवढं बोलून त्या व्हॅनकडे निघाल्यासुद्धा.

मंगळवारी नीलांबरीने कोट हातात घेतला आणि तिला त्याचा मोहच पडला. सगळा कोट हाताने शिवलेला. खिशाच्या कडेचे टाके इतके बारीक आणि सारखे, की तिने चष्मा पुसून पुन्हा पाहिले. बाही तासाभरात झाली. कोट उलटसुलट करताना डाव्या छातीवर तिला बारीक बारीक भोकं दिसली, खसखशीएवढी. लोकर म्हटली की कसर आलीच, तिने ताडलं. एका भोकात पिवळी तूस अडकली होती, ती चिमट्याने उपटून टाकली. मग खालच्या दुमडीतून निळा धागा काढला, भिंगाचा दिवा ओढला आणि बसली. भिंगाखाली एका वेळी एकच भोक दिसतं. बाईने सगळी बुजवली, पण मागे सरून त्यांच्याकडे एकत्र काही एकदाही पाहिलं नाही. संध्याकाळी कोट उजेडात धरला, तेव्हा वडलांनीही पाठ थोपटली असती असं काम झालं होतं. म्हातारी खूश होईल, असं मनाशी म्हणत तिने कोट आरशासमोर टांगला.

बुधवारी शाळा सुटल्यावर तिची मुलगी आन्या दुकानात आली. आन्या सोळा वर्षांची, मराठी सगळं कळतं, बोलताना मात्र अर्ध्यात इंग्रजीकडे वळते. तिने सॅक टाकली, आरशाकडे पाहिलं आणि जागच्या जागी थांबली.

"आई, हा मिसेस झिल्बरचा कोट आहे?"

"हो. तू कशी ओळखतेस त्यांना?"

"एट्थ ग्रेडमध्ये त्या आमच्या स्कूलला आल्या होत्या. दरवर्षी येतात. हा कोट सगळ्यांना हातात देतात." आन्याने कोटाच्या छातीवरून बोट फिरवलं. मग दुसऱ्यांदा फिरवलं. "आई, होल्स कुठे गेले?"

"कसर लागली होती. रफू केला."

"कसर नव्हती ती." आन्याचा आवाज एकदम खाली गेला. "ते स्टारचे होल्स होते."

मग तिने सांगितलं. मिसेस झिल्बर लहान असताना पॅरिसमध्ये जर्मनांचं राज्य होतं. सहा वर्षांवरच्या प्रत्येक ज्यू माणसाने कपड्यावर डाव्या बाजूला पिवळा तारा शिवायचा, असा हुकूम निघाला होता. त्या कोटावर तसा तारा होता. ज्या दिवशी पोलीस न्यायला आले, त्या दिवशी तो काढला गेला म्हणून ही मुलगी वाचली. तारा गेला, भोकं राहिली. मिसेस झिल्बर मुलांना डोळे मिटायला लावतात आणि बोटांनी तारा शोधायला सांगतात. आन्यालाही तो सापडला होता, एकेका टोकाने. त्या दिवशी वर्गातली मस्तीखोर मुलंसुद्धा गप्प होती.

"म्युझियमने मागितला तरी त्या देत नाहीत," आन्या म्हणाली. "म्हणतात, काचेच्या आत ठेवतील, मग कोणी टच कसं करणार? आणि शुक्रवारची त्यांची लास्ट टॉक आहे, आई. टीचरने इन्स्टावर टाकलंय."

नीलांबरीने उठून व्हॅक्यूमची पिशवी कागदावर उपसली आणि गुडघे टेकून तो पिवळा धागा शोधायला बसली. रंगीबेरंगी दोऱ्यांचे तुकडे, टिकल्या, मिठाईवाल्याकडून उडत आलेला वर्ख, सगळं निघालं. तो धागा काही निघाला नाही.

पाच वाजता परीक्षित दोघींना न्यायला आला. सगळं ऐकून तो इंजिनीयरसारखा विचार करू लागला. "रफू काढून टाक ना. अनडू."

"नाही होत तसं. मी कडा उकलून विणलंय. काढलं तर तिथे जाळी होईल."

"मग नवीन होल्स पाड, यार. जागा तुला तोंडपाठ असतील. त्या बिचाऱ्या बाईला तरी त्रास कशाला?" त्याच्या मनात वाईट काही नव्हतं. बायकोचा पडलेला चेहरा त्याला बघवत नव्हता, इतकंच. आन्याने मात्र त्याच्याकडे असं पाहिलं की तो गाडीची किल्ली शोधायला लागला.

खोटं कशाला सांगा, नीलांबरीला तो सल्ला पटला होता. गुरुवारी तिने दुकान तासभर आधी उघडलं. कोट टेबलावर पसरला आणि आठवून आठवून खडूने खुणा केल्या. सहा टोकं, त्यांच्या मधल्या सहा खाचा. आता मागे सरून पाहिल्यावर तारा कसा समोर दिसला. तिने जाड सुई घेतली, पहिल्या खुणेवर टेकवली. आणि तिच्या डोळ्यांसमोर एक तेरा वर्षांचं पोर आलं, डोळे गच्च मिटून बोटाने भोक चाचपणारं. ते पोर हे जन्मभर लक्षात ठेवणार, घरी जाऊन सांगणार, आणि ते भोक कुणाचं, तर आज सकाळी नऊ वाजता नीलांबरीने आयसेलिनमध्ये पाडलेलं. तिला स्वतःची शरम वाटली. सुई तिने पिनकुशनला टोचली आणि खडू झटकून टाकला.

दहा वाजता मिसेस झिल्बर आल्या. बाही पाहिली, मान हलवली. मग सवयीनेच त्यांचं बोट कोटाच्या डाव्या छातीवर गेलं. ते तिथे फिरलं, थांबलं, परत फिरलं. त्यांनी चष्मा वर केला.

"कुठे आहे?"

नीलांबरीने सगळं सांगून टाकलं. कसर वाटली इथपासून, पिवळा धागा फेकला आणि मग सापडला नाही इथपर्यंत. सकाळी सुई हातात घेतली होती, तेही लपवलं नाही. माफी मागायला तिला तोंड नव्हतं, तरी मागितली.

मिसेस झिल्बर ओरडल्या नाहीत. ओरडल्या असत्या तर बरं झालं असतं. गिऱ्हाइकांसाठी ठेवलेल्या स्टुलावर त्या बसल्या आणि कोट मांडीवर घेतला.

"ऐंशी वर्षं मी याला ब्रशसुद्धा लावू दिला नाही कुणाला," त्या म्हणाल्या. "तुला कळतंय का तू काय केलंस? मी बोलते ते मुलं ऐकतात. पण विश्वास त्यांचा बोटांवर बसतो. उद्या शेवटची वेळ. आता मी नुसती एक म्हातारी, जुनी गोष्ट सांगणारी."

नीलांबरी उभीच होती.

मग मिसेस झिल्बरनी मान वर न करता विचारलं, "किती होती?"

"चोवीस." रफू करताना भोकं मोजायची तिला लहानपणापासून सवय.

"मुलं दरवर्षी विचारतात. मी कधी मोजली नाहीत. मोजवत नव्हती."

चोवीस. आकडा तोंडातून गेला आणि नीलांबरीच्या डोक्यात काहीतरी खुपायला लागलं. हातभर तारा नव्हे, पण तळव्याएवढा तरी होताच की. त्याच्या सगळ्या कडा मिळून चोवीसच भोकं? तिने कोटाच्या खिशाकडे पाहिलं, मग कॉलरकडे.

"मिसेस झिल्बर, हा कोट कुणी शिवला?"

"आईने. बाबांच्या ओव्हरकोटातून. बाबांना आदल्या वर्षीच धरून नेलं होतं. आई एका मोठ्या शिवणघरासाठी घरबसल्या फिनिशिंग करायची."

"आणि तारा?"

"तोही तिनेच. घट्ट शिवायचा असा नियम होता, सैल दिसला तर पकडायचे. माणशी तीन तारे मिळायचे, आणि त्यांच्यासाठी आपलंच रेशनचं कापडाचं कूपन द्यावं लागायचं. मला एप्रिलमध्ये सहा पूर्ण झाली होती. सहा महिने उशिरा जन्मले असते तर ताराच लागला नसता."

"मग काढला कुणी?"

या प्रश्नाचं उत्तर मिसेस झिल्बर दरवर्षी शाळेत देत होत्या, पण त्या दिवशी त्यांनी जे सांगितलं ते शाळेत सांगितलेलं नव्हतं. कदाचित राग आला की माणूस खरं बोलतो.

बेचाळीस सालचा जुलै. पहाटे दारावर फ्रेंच पोलीस आले. आईने तिला बिनताऱ्याचा साधा फ्रॉक घातला आणि वरून हा कोट. भर उन्हाळ्यात लोकरीचा कोट. ती उकडतंय म्हणून रडायला लागली, बटणं काढायला लागली. चौथ्या मजल्यावरून जिना उतरताना एक पोलीस पुढे होता, दुसरा अजून वरच्या मजल्यावर दुसऱ्यांचं दार ठोठावत होता. ती जिनाभर रडत होती. दुसऱ्या मजल्यावर मादाम जर्मेन नावाच्या शेजारणीचं दार किंचित उघडं होतं. तिथे आईने तिच्या पाठीत जोरात धक्का दिला. ती दारातून आत आपटली आणि दार लागलं. गुडघे फुटले. उठून उभी राहिली, तेव्हा तारा मादाम जर्मेनच्या हातात होता आणि दुसरा हात हिच्या तोंडावर. आईच्या पावलांचा आवाज न थांबता खाली गेला. आई परत आली नाही. मादाम जर्मेनने महिनाभराने तिला खेड्यातल्या आपल्या बहिणीकडे पोचवलं आणि युद्ध संपायच्या आतच मादाम स्वतः वारली.

"शाळेत मी म्हणते, माझ्या आईने मला वाचवलं," मिसेस झिल्बर म्हणाल्या. "पण ते मला माहीत नाही. दार योगायोगाने उघडं असेल. मी रडत होते, ती वैतागली होती. तिने मला वाचवायला ढकललं की माझा कंटाळा येऊन? पापासुद्धा घेतला नाही तिने. तुला हसू येईल, पण या वयातही मला रात्रंदिवस वाटतं, की मी रडले नसते तर तिने माझा हात धरून ठेवला असता."

नीलांबरीला हसू येणार कसलं. तिचं डोकं लख्ख चालत होतं. ती स्टुलाशेजारी खाली बसली आणि कोटाचा खिसा मिसेस झिल्बरच्या बोटाखाली धरला.

"हे टाके बघा. एका इंचात पंधरा तरी असतील. ज्या बाईचा हात असा आहे, तिने तारा नियमाप्रमाणे घट्ट शिवला असता तर मला तिथे दीडशे-दोनशे भोकं मिळाली असती. मला चोवीस मिळाली. प्रत्येक कडेला दोन. आम्ही याला कच्चा टाका म्हणतो. कपडा अंगावर बघताना घालतो आणि मग काढून टाकतो."

मिसेस झिल्बरनी खिशाच्या कडेवरून बोट फिरवलं.

"आणखी एक. टाके कात्रीने कापत काढले, तर भोकाभोकात दोऱ्याचे तुकडे अडकून राहतात. घाईत उचकटलं तर कापड फाटतं. यातलं एकही भोक फाटलेलं नव्हतं. तेवीस भोकं स्वच्छ होती, आणि दोरा फक्त एकाच ठिकाणी होता, खालच्या टोकाला. म्हणजे सगळा तारा एकाच सलग दोऱ्याने टाचला होता. टोक धरून एकदा ओढलं की तारा हातात. आणि कुठलं टोक ओढायचं, हे ओढणारीला आधीच सांगून ठेवलं असणार. नाहीतर तुम्ही उठून उभ्या राहीपर्यंत तो निघाला नसता."

"तुला हे कसं माहीत?"

"त्या प्रत्येक भोकात मी सुई घातली आहे, मिसेस झिल्बर."

बाहेर रस्त्यावर कुणीतरी गाडी लावायच्या जागेवरून भांडत होतं. मिसेस झिल्बर कोटाची बाही मुठीत धरून बसल्या होत्या.

"दाखव मला," त्या म्हणाल्या.

नीलांबरीने चिंध्यांचा डबा उघडला. वरच हळदी रंगाच्या ब्लाउजपीसचा तुकडा होता. तो बाजूला सारून तिने पांढरा घेतला. मिसेस झिल्बरनी हात पुढे करून पिवळाच उचलला आणि तिला दिला. तिने त्याचा तारा कापला, कडा दुमडल्या, आणि टेबलावरच्या एका लोकरी स्कार्फवर टाचायला घेतला. वरून टाका दिसू न देता, आत लांब धावता दोरा, टोकाला गाठ. दोन मिनिटांचं काम. पुढून पाहिलं तर तारा पक्का शिवल्यासारखा दिसत होता. तिने स्वतःच तो नखाने हलवून पाहिला, हलला नाही.

मग तिने खालच्या टोकाची गाठ मिसेस झिल्बरच्या चिमटीत दिली. "ओढा."

त्यांनी ओढलं. दोरा सर्रकन निघून आला आणि तारा त्यांच्या मांडीवर पडला. एका श्वासाएवढाही वेळ लागला नव्हता.

"रोजच्या फ्रॉकवर एक तारा होता," त्या हळू आवाजात म्हणाल्या. "तो घट्ट होता. मला आठवतं, धुताना आई त्याच्यावर चिडायची. कोटावर दुसरा होता. जूनमध्ये लावलेला. भर उन्हाळ्यात हिवाळ्याच्या कोटावर तारा कशाला लावायचा, हे मी ऐंशी वर्षांत एकदाही स्वतःला विचारलं नाही." त्यांनी डोळे पुसले नाहीत, पाणी वाहू दिलं. "तिने सगळं आधीच ठरवलं होतं."

"हो."

"मी रडत होते म्हणून नाही."

"नाही," नीलांबरी म्हणाली. आता तीही रडत होती. "तुम्ही रडला नसता तरी तिने ढकललंच असतं."

थोड्या वेळाने तिने विचारलं, छातीवरचा रफू उसवून बघू का, निदान काही भोकं तरी मोकळी होतील. मिसेस झिल्बरनी कोट झटकन जवळ ओढला. "नको. तू आता याला हात लावायचा नाहीस," असं त्यांनी चांगलंच खडसावून सांगितलं, आणि ते नीलांबरीच्या वाट्याला यायलाच हवं होतं. मग कोट कागदात गुंडाळताना, तिच्याकडे न पाहता त्या म्हणाल्या, "उद्या साडेनऊला शाळेत ये. सुईदोरा घेऊन ये. मुलांसमोर तू टाचायचं. ओढायचं एकेका मुलाने."

"येईन."

पण त्या उठल्या नाहीत. मांडीवरचा पिवळा तारा त्यांनी स्कार्फवर ठेवला, सुरकुतलेल्या बोटांनी त्याची टोकं नीट केली आणि स्कार्फ नीलांबरीपुढे सरकवला.

"अजून एकदा लाव," त्या म्हणाल्या. "या वेळी सावकाश लाव. मला आईला तो लावताना बघायचं आहे."